राहिलेले बारा दिवस

पत्राचा सारांश (ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत): पत्रलेखिका ३२ वर्षांच्या, मूळच्या नाशिकच्या. एमएससाठी अमेरिकेत आल्या, आता एका विमा कंपनीत घरून काम करतात. पती टेक्सासचे, वय ३३, व्यावसायिक बेसबॉलमध्ये रिलीव्हर पिचर, म्हणजे सामन्याच्या मधल्या-शेवटच्या टप्प्यात येऊन चेंडू टाकणारे. २०१३च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे क्लब नवे खेळाडू फेरीफेरीनं निवडतात त्या वार्षिक निवडीत, बाविसाव्या फेरीत त्यांची निवड झाली. तेव्हापासून सात क्लब झाले, एकदा कोपराची मोठी शस्त्रक्रिया झाली. मेजर लीगमध्ये, म्हणजे सर्वोच्च पातळीवर, मिळाले एकूण ३१ दिवस: २०२१मध्ये १९ आणि २०२२मध्ये १२. पुढे बोलावणं आलं नाही, आणि गेल्या ऑगस्टमध्ये ट्रिपल-एच्या, म्हणजे लगेच खालच्या पातळीवरच्या, संघानंही मुक्त केलं. मेजर लीगच्या पेन्शनसाठी किमान ४३ दिवस लागतात. म्हणजे १२ दिवस राहिले.

आता तीन प्रस्ताव आहेत. एका क्लबचा मायनर लीगचा, म्हणजे खालच्या पातळ्यांवरचा, करार, स्प्रिंग ट्रेनिंगच्या (हंगामाआधीच्या सराव शिबिराच्या) आमंत्रणासह. तैवानमधल्या एका संघाचा हंगामाचा करार. आणि राहत्या शहरातल्या कॉलेजात पिचिंग कोचची नोकरी, पगार बेताचा. पतीला पहिला हवा आहे. ते म्हणतात, "फक्त बारा दिवस. आणि कोच म्हणजे हरलेला खेळाडू." घरात साडेतीन वर्षांची मुलगी आहे. पत्रलेखिका विचारतात: "ताई, सात क्लबांनी हाकललेल्या माणसाला आता बस म्हणायचा हक्क मला आहे का? मी म्हटलं आणि तो थांबला, तर त्या बारा दिवसांचा दोष आयुष्यभर माझ्या माथी येईल. नाशिकहून बाबांचा फोन आला की पहिला प्रश्न, 'जावयाची परत बदली झाली का गं?' काय सांगू?"

*

प्रिय मैत्रिणी,

ताई म्हणालीस, म्हणून मीही सरळ 'अगं-तूगं'वर येते.

तुझं पत्र मी तीनदा वाचलं. तिसऱ्यांदा वाचताना हातात पेन्सिल होती. ३१, १२, ४३ हे आकडे तू नऊ वेळा लिहिलेस. 'मला हवंय' असं एकदाही लिहिलं नाहीस. तिकडे मी येणारच आहे, पण आधी ते बारा दिवस बघू. तुमच्या घरात सध्या सगळ्यात जास्त जागा त्यांनीच अडवली आहे.

नाशिकहून त्र्यंबकेश्वर अठ्ठावीस किलोमीटर. चालायला लागलं की पाय दुखतील, उशीर होईल, पण माणूस पोचतो. तुझा नवरा त्या बारा दिवसांकडे तसंच पाहतोय. इतकं चाललो, आता एवढंच राहिलं. मला काळजी वाटते ती याचीच, कारण हे अंतर त्याच्या पायांनी कापायचं नाहीच आहे. तुला हे माहीत असणार, तरी इतर वाचकांसाठी मांडते. मेजर लीगच्या तीस क्लबांपैकी प्रत्येकाचा चमू २६ जणांचा, त्यात पिचर जास्तीत जास्त १३. त्याभोवती ४० जणांची एक यादी असते, आणि त्या यादीत नाव असल्याशिवाय कुणालाही वर घेता येत नाही. मायनर लीगच्या करारावरचा माणूस यादीबाहेर असतो. त्याला एका दिवसासाठी वर घ्यायचं म्हटलं तरी जागा मोकळी नसेल तर आधी दुसऱ्या कुणाचं नाव कापावं लागतं.

यादीतल्या तेवीस वर्षांच्या पोराला तीन हंगामांपर्यंत खाली-वर पाठवायची सोय क्लबकडे असते. खेळाडू तिला 'ऑप्शन' म्हणतात. तुझ्या नवऱ्यासारख्या अनुभवी पिचरचे ऑप्शन बहुधा संपलेले असतात. त्याला वर घेतलं, तर खाली पाठवण्यासाठी यादीतूनच काढायला लागतं. डीएफए म्हणतात ते हेच. त्यामुळे अशा पिचरला फोन येतो तो आदला सामना लांबून बुलपेनमधले, म्हणजे राखीव रिलीव्हरांचे, सगळे हात थकले म्हणजे. तो रात्रीच्या विमानानं जातो, सामन्याच्या नऊ इनिंगपैकी दोन इनिंग चेंडू टाकतो, कधी छान टाकतो, आणि दुसऱ्या दिवशी ताज्या दमाच्या पिचरसाठी त्याचीच जागा रिकामी करतात. त्यानं वाईट खेळ केला असं त्यात काहीही नसतं.

म्हणजे बारा दिवस मिळतील ते कुणाचा तरी खांदा दुखावला, कुणाचा तरी सामना लांबला, आणि त्याच दिवशी हा त्या क्लबच्या ट्रिपल-ए संघात फॉर्मात असला, तर. त्यानं कितीही मेहनत केली तरी यातला एकच भाग त्याच्या हातात आहे.

आता पेन्शन. नाशिकच्या सरकारी प्रेसमधून निवृत्त झालेल्या वडिलांची तू लेक. पेन्शन हा शब्द तुझ्या कानावर कसा पडतो, ते मला कळतं. आपल्या घरांत त्या शब्दाला देव्हाऱ्यातली जागा असते. पण ४३ दिवसांची पेन्शन बाबांच्या पेन्शनसारखी नाही. मेजर लीगमध्ये सेवेचं एक वर्ष १७२ दिवसांचं धरतात. ४३ दिवस म्हणजे त्याचा बरोबर एक चतुर्थांश. पूर्ण पेन्शनला दहा वर्षं लागतात. म्हणजे ४३ दिवसांवर मिळतो पूर्ण पेन्शनचा चाळिसावा भाग, आणि तोही पूर्ण हवा असेल तर वयाच्या बासष्टीपासून. तो फुकाचा आहे असं मी म्हणणार नाही. पण ज्या रकमेसाठी घर अजून एक वर्ष टांगून ठेवायचं, ती रक्कम तुम्ही दोघांनी कागदावर पाहिली आहे का? पत्रात ती नाही. खेळाडूंच्या युनियनला विचारा, लेखी मागा. त्याच पत्रात, झालेल्या ३१ दिवसांवर आरोग्यविम्याचा काय हक्क आहे तेही विचारा. वैद्यकीय सोयीसाठी ४३ दिवस लागत नाहीत, आणि लहान मूल असलेल्या घराला कदाचित तीच गोष्ट पेन्शनपेक्षा जवळची असेल.

हिशेब करायचाच तर रोजाचा करा. २०२६साठी मेजर लीगचा किमान पगार वर्षाला ७,८०,००० डॉलर आहे आणि तो दिवसांवर मिळतो. एका दिवसाचे चार हजारांहून थोडे जास्त होतात. बारा दिवसांचे झाले जवळपास पन्नास हजार. ट्रिपल-एमध्ये २०२३च्या करारानं किमान वार्षिक रक्कम १७,५०० वरून ३५,८०० डॉलरवर नेली, तेव्हा खेळाडूंच्या घरांत डोळे पाणावले होते. म्हणजे वरचे बारा दिवस खालच्या अख्ख्या वर्षाच्या किमान पगारापेक्षा जड आहेत. नवऱ्याच्या ओढीला वेड म्हणू नकोस. त्याचं गणित चुकलेलं नाही. ते बारा दिवस मिळण्याची शक्यता मात्र त्यानं गणितात धरलेली नाही.

'सात क्लबांनी हाकललेला.' हे तू लिहिलंस, त्यानं नाही. पत्रातलं मला सर्वांत जास्त टोचलेलं वाक्य हेच.

अशा खेळाडूला इंग्रजीत जर्नीमन म्हणतात, आणि त्या शब्दात सगळ्यांना प्रवास ऐकू येतो, सुटकेस, बस, बदली. पण त्याच्या मुळाशी असलेल्या जुन्या फ्रेंच शब्दाचा अर्थ आहे दिवस. शिकाऊपण संपलं आहे, हाताला कसब आलं आहे, स्वतःचं दुकान मात्र नाही, म्हणून जो रोजावर काम करतो तो कारागीर. आपल्याकडचा रोजावरचा गवंडी. त्यानं पंधरा घरांच्या भिंती उभारल्या, तर त्याला पंधरा घरांतून हाकललं असं आपण म्हणतो का?

तुझ्या नवऱ्याची गोष्ट त्या नजरेनं परत वाच. २०१३मध्ये ड्राफ्टच्या चाळीस फेऱ्या होत्या, तो बाविसाव्या फेरीत निवडला गेला. आज वीसच फेऱ्या आहेत. आजच्या नियमात त्याचं नाव पुकारलंच गेलं नसतं. मग कोपर गेलं. ज्या शस्त्रक्रियेला टॉमी जॉन या पिचरचं नाव आहे ती डॉ. फ्रँक जोब यांनी १९७४मध्ये पहिल्यांदा केली. शरीरातलाच दुसरा स्नायुबंध घेऊन कोपरात बसवतात आणि मग वर्ष-दीड वर्ष माणूस चेंडू टाकायला नव्यानं शिकतो. तो शिकला. २०२०नंतर मेजर लीगनं आपल्याशी जोडलेले चाळीसहून अधिक छोटे संघ तोडले, १२० ठेवले. कितीतरी पिचरांची नोकरी त्या एका हिवाळ्यात गेली. त्याची राहिली, आणि त्याच्या पुढच्याच हंगामात तो वर पोचला. एका क्लबनं सोडल्यावर प्रत्येक वेळी दुसऱ्यानं उचललं. एकदाही दया म्हणून नाही. या धंद्यात दया नाही, हे तुझ्याइतकं कुणाला ठाऊक असणार?

एडविन जॅक्सन १४ क्लबांकडून खेळला. १७ हंगामांत १०७ विजय, १३३ पराभव. जिंकण्यापेक्षा हरला जास्त, तरी चौदा क्लबांनी त्याच्या हातात चेंडू दिला. २०१०च्या २५ जूनला त्यानं प्रतिस्पर्ध्यांना एकही हिट, म्हणजे फटका मारून बेस गाठणं, न देता सामना संपवला. त्यासाठी १४९ चेंडू टाकले आणि आठ जणांना फुकट पहिल्या बेसवर जाऊ दिलं. इतका ओबडधोबड नो-हिटर क्वचितच कुणी टाकला असेल, आणि मला तो फार आवडतो. रोजावर काम करणाऱ्या माणसाचा तो सामना आहे.

पण इथेच एक धोका आहे. लोक तुला रिच हिलची गोष्ट सांगतील, किंवा सांगून झाली असेल. २०१५च्या उन्हाळ्यात, पस्तिसाव्या वर्षी, हिल मेजर लीगशी न जोडलेल्या लाँग आयलंड डक्स या संघाकडून खेळत होता. सप्टेंबरमध्ये बॉस्टननं बोलावलं, चार सामन्यांत २९ इनिंगमध्ये ३६ जणांना थेट स्वतःच्या चेंडूंवर (स्ट्राइकआउट) बाद केलं, आणि पुढच्या वर्षाअखेरीला लॉस एंजेलिसनं तीन वर्षांसाठी ४ कोटी ८० लाख डॉलरचा करार केला. २०२५मध्ये पंचेचाळिसाव्या वर्षी कॅन्सस सिटीकडून खेळून त्यानं जॅक्सनच्या चौदा क्लबांशी बरोबरी केली. गोष्ट खरी आहे, सुंदर आहे. पण ती आपल्यापर्यंत पोचली, कारण तसं क्वचित घडतं. त्याच उन्हाळ्यात तसल्याच मैदानांवर जे बाकीचे पस्तिशीतले पिचर होते, त्यांची नावं तुला कुणी सांगितली नाहीत. ती गोष्ट उमेदीसाठी ठेव. तिच्यावर घराचं भाडं ठरवू नकोस.

मी काही वर्षं नॉर्थ कॅरोलायनात डरॅमला राहत होते. तिथल्या ट्रिपल-ए संघाचे सामने पाहायची सवय लागली होती. रात्री सामना संपल्यावर खेळाडूंच्या दाराशी बायका उभ्या असायच्या, खांद्यावर झोपलेलं मूल, हातात गाडीची किल्ली. त्यातल्या एकीशी माझी ओळख झाली. तिनं सांगितलं होतं, "आमचा संसार सोमवारचा." ट्रिपल-एचे सामने मंगळवार ते रविवार असतात, सोमवार तेवढा मोकळा. बिल, भांडण, मुलाचा ताप, बँकेचा फॉर्म, सगळं सोमवारी. पुढे एका सोमवारी ते कुटुंब गावातून निघूनही गेलं. तुझं पत्र वाचताना ती मुलगी सारखी आठवत होती.

आता बाबा. त्यांच्या प्रश्नात टोमणा आहे असं तू धरून चालली आहेस. मला तसं वाटत नाही. ज्या माणसानं आयुष्यभर एका गेटातून आत जाऊन त्याच गेटातून बाहेर येत नोकरी केली, त्याच्याकडे फिरतीसाठी 'बदली' हाच शब्द आहे, आणि तो आदराचा शब्द आहे. बदली मोठ्या साहेबांचीसुद्धा होते. त्यांना पद्माकर शिवलकरांचं नाव काढून बघ. ५८९ प्रथम श्रेणी बळी, आणि भारताकडून एकही कसोटी नाही. त्यांच्यासारखेच डावखुरे फिरकी गोलंदाज बिशनसिंग बेदी त्याच काळात होते, जागा एकच होती. नाशिकच्या कुठल्याही कट्ट्यावर शिवलकरांना कुणी अयशस्वी म्हटलं, तर बाबा उठून भांडतील. मग सांग, तुमचा जावई त्याच जातीचा गोलंदाज आहे, आणि त्याला तर ३१ दिवस कसोटीची टोपी मिळालीसुद्धा.

एक फरक मात्र बाबांना नीट सांग, कारण तुमची खरी अडचण त्यातच आहे. आपल्याकडे जुन्या पिढीच्या क्रिकेटपटूला बँक किंवा कंपनी नोकरी द्यायची. खेळ संपला तरी टेबल राहायचं. मायनर लीगच्या खेळाडूला तसलं टेबल नाही. करार आहे तोवर पगार, बाकी स्वतःचं स्वतः. तुमच्या घरात ते टेबल तू आहेस, गेली सात वर्षं.

आणि थांबायची तारीखही बाहेरून येत नाही. माझ्याकडे पुण्याच्या सदाशिव पेठेतून, लातूरहून, सांगलीहून स्पर्धा परीक्षा देणाऱ्यांच्या घरची पत्रं येतात. 'अजून एकच अटेम्प्ट' हे वाक्य त्यातल्या प्रत्येकात असतं. यूपीएससीत निदान खुल्या गटाला सहा प्रयत्न आणि बत्तीस वर्षं ही भिंत आहे. कडू असते, पण भिंत असते, तिला टेकून रडता येतं. पिचरला कुणीही संपलं म्हणून सांगत नाही. फोन यायचा थांबतो, बस. म्हणून तारीख तुम्हालाच घालावी लागेल. 'एक हंगाम अजून' ही तारीख नव्हे. हंगामाच्या शेवटी आणखी काहीतरी राहतंच, कधी बारा दिवस, कधी चार.

पहिला प्रस्ताव घ्यायचाच असेल, तर तारीख करारातच बसवता येते. अशा करारांत 'ऑप्ट-आउट' मागता येतो. अमुक तारखेपर्यंत वरच्या यादीत घेतलं नाही, तर खेळाडू मोकळा. एजंटला सांगून १ जूनच्या आसपासची तारीख मागा. शिवाय आशियातल्या क्लबची मागणी आली तर सोडण्याचं कलमही मागा. जो माणूस फ्री एजंट आहे, म्हणजे कुठल्याही क्लबशी बांधलेला नाही, आणि ज्याच्या नावावर मेजर लीगचे दिवस आहेत, त्याला ट्रिपल-एच्या किमान रकमेवर सही करायची गरज नसते, दर महिन्याचा आकडा बोलून घेता येतो. आणि क्लब निवडताना गणवेश बघू नका, त्या क्लबच्या ४० जणांच्या यादीत उजव्या हाताचे रिलीव्हर किती आहेत आणि त्यातल्या कितींचे ऑप्शन शिल्लक आहेत ते मोजा. ज्या क्लबकडे खाली-वर पाठवता येणारी सहा तरुण पोरं आहेत, तिथे याचा फोन वाजणार नाही. सार्वजनिक माहिती आहे, एका संध्याकाळी तुम्ही दोघं मिळून काढू शकता. तू विमा कंपनीत जोखीमच मोजतेस ना? हीही मोज. दोघांनी एका टेबलाशी बसून ते आकडे पाहिले की 'तू विरुद्ध मी' थोडं सैल होईल.

तैवान मला वाटलं होतं त्यापेक्षा गंभीर पर्याय आहे. तिथल्या व्यावसायिक लीगमध्ये सहा संघ आहेत, प्रत्येकात परदेशी खेळाडू मोजके, बहुतेक पिचर. त्याला तिथे महत्त्वाच्या क्षणी चेंडू मिळेल, हजारो लोक ढोलताशे वाजवत असतील, आणि महिन्याचा पगार ट्रिपल-एहून सहज बरा असू शकतो. आशियात जाऊन परत वर आलेले पिचरही आहेत. मेरिल केली चार वर्षं कोरियात खेळला आणि तिसाव्या वर्षी ॲरिझोनाकडून मेजर लीगमध्ये पहिल्यांदा उतरला. माइल्स मायकोलस जपानहून परतला आणि २०१८मध्ये सेंट लुईसकडून १८ सामने जिंकला. पण ते दोघं विशीत गेले होते, हा तेहतिशीत जाणार. म्हणून तैवानला जायचं असेल तर तैवानसाठी जा, परतीचं तिकीट म्हणून नको. दुसरी बाजूही आहे. परदेशी पिचर महिनाभर वाईट खेळला तर त्याला हंगामाच्या मधेच घरी पाठवतात. तिथे गेल्यावर बारा दिवसांची आशा जवळजवळ सोडावी लागेल, आणि त्याला हे आधी उच्चारता आलं पाहिजे.

तिसरा प्रस्ताव. 'कोच म्हणजे हरलेला खेळाडू.' त्याला अमोल मुझुमदार हे नाव माहीत नसणार, तू सांग. रणजीच्या पदार्पणात २६०, प्रथम श्रेणीत अकरा हजारांवर धावा, आणि भारताकडून एकही सामना नाही. मुंबईनंतर आसाम, मग आंध्र. तोही शेवटी रोजावरचा कारागीरच झाला होता. २ नोव्हेंबर २०२५ला नवी मुंबईत आपल्या मुलींनी विश्वचषक उचलला, तेव्हा त्यांचा प्रशिक्षक तोच होता. ज्याला सगळं सहज जमलं, त्याला शिकवणं अनेकदा जमत नाही. तुझ्या नवऱ्यानं कोपर बदलल्यावर पकड बदलली, वेग कमी झाल्यावर नवा चेंडू शोधला, सात क्लबांच्या सात पद्धती आतून पाहिल्या. एकोणीस वर्षांच्या मुलाला याहून उपयोगाचा माणूस कुठला? पगार बेताचा आहे हे खरं. अमेरिकेच्या वरच्या पातळीवरच्या कॉलेज बेसबॉलमध्ये २०२३च्या उन्हाळ्यापर्यंत एक प्रशिक्षक नियमानंच बिनपगारी असायचा, त्या मानानं दिवस सुधारलेत. त्या नोकरीतून त्याची अर्धवट राहिलेली पदवी पुरी होईल का, विचारा. पहिल्या करारात क्लबनं शिक्षणाच्या खर्चाचं कलम दिलं असेल तर ते कपाटातून काढा. अशा कलमांना खेळ थांबल्यापासून मुदत असते, आणि अनेक जण ती नकळत घालवतात.

बघ, मी इतकं लिहिलं आणि तरी तुझ्या प्रश्नाला हात घातला नाही. हक्क आहे का?

तू पत्रात दोन गोष्टी कंसात लिहिल्यास. कंपनीनं दोनदा बढती देऊ केली आणि त्यासाठी एका शहरात स्थिर राहावं लागणार म्हणून तू नाकारलीस, हे एका कंसात. दुसऱ्या बाळाचा विषय दरवर्षी 'स्प्रिंग ट्रेनिंगनंतर बोलू' म्हणून राहतो, हे दुसऱ्या. अगं, ही दोन वाक्यं कंसात कशी मावली? त्याच्या आयुष्यातले बारा दिवस पत्राच्या मध्यभागी, आणि तुझी सात वर्षं कंसात. तू त्याला थांबवू शकतेस का, याच्याभोवती पत्र फिरतं. पण त्याच्या हाताबद्दल निर्णय तुझा नाहीच, तो त्याचा. तुझ्या नोकरीबद्दल, तुझ्या शरीराबद्दल, तू आणि लेक कुठल्या गावात राहणार याबद्दल मात्र तुला पूर्ण बोलता येतं, आणि ते बोलायला परवानगी लागत नाही. 'तू खेळणं सोड' आणि 'या वर्षी बढती आली तर मी ती घेणार, आपण हे शहर सोडणार नाही, आणि बाळाचं आपण जूनमध्ये ठरवणार' ही दोन फार वेगळी वाक्यं आहेत. दुसरं ऐकून तो कदाचित दुखावेल. पण बारा दिवसांचा दोष त्या वाक्यावर येणार नाही, कारण त्यात त्याचे दिवस तू मागितलेलेच नाहीस.

आणि तो 'मग मी जाऊच नको का' म्हणाला, तर घाईनं होही म्हणू नकोस, नाहीही नको. "तू जूनपर्यंत जा, मी इथे आहे, आणि जूनमध्ये आपण काय करायचं ते आज लिहून ठेवू," एवढं म्हण. खरंच लिहा, तारखेसकट, फ्रिजवर लावा. ज्या घरांतून मला 'एकच अटेम्प्ट'ची पत्रं येतात, त्यांनाही मी हेच सांगते. कधी थांबायचं ते निकालाच्या दिवशी ठरवायला बसू नका. त्या दिवशी कुणाचंच डोकं ठिकाणावर नसतं.

माझा स्वतःचा कल विचारशील, तर ऑप्ट-आउट मिळत असेल तर जूनपर्यंतचा करार, आणि कॉलेजला आजच विचारायचं की ऑगस्टपासून सुरुवात चालेल का. चालत नसेल तर मला निवड अवघड जाईल. बहुधा मी कॉलेजकडे झुकेन. पण मी त्या घरात राहत नाही.

सध्या हंगाम नाही. तो घरी आहे, सोमवारची वाट पाहायची गरज नाही. लेक झोपल्यावर बोला. त्याआधी तैवानच्या एजंटला मात्र आजच ईमेल टाक: राहायचं घर कुणाचं, तुम्हा दोघींची विमानाची तिकिटं करारात आहेत का, कुटुंबाचा दवाखान्याचा खर्च कोण करतं, आणि मधेच सोडलं तर किती महिन्यांचे पैसे नक्की मिळतात. तुझ्या कंपनीलाही विचार, त्या देशातून काम चालेल का. नाताळच्या आत उत्तर द्यायचं आहे म्हणतेस, आणि तिकडून माहिती यायला आठवडा तरी जाईल.

तुझी,
ताई